तुम्ही विचारलंत म्हणून: इस्लामचा इतिहास कुठल्या पुस्तकातून वाचावा?

‘इस्लामचा इतिहास नीट समजून घ्यायचाय, एकच चांगलं पुस्तक सांगा,’ असं मला बरेचदा विचारलं जातं. एक नाव सांगून मोकळं होता येईल, पण त्याने तुमचं काम भागणार नाही. चांगल्या पुस्तकांची इथे वानवा नाही. अडतं ते कोणतं पुस्तक कशासाठी उघडायचं, या ठिकाणी.

सलग वाचायला आयरा लॅपिडस यांचा ‘अ हिस्टरी ऑफ इस्लामिक सोसायटीज’ (१९८८) घ्या. अरबस्तानापासून आग्नेय आशियापर्यंतचा पट एका ग्रंथात येतो. मार्शल हॉजसन यांचे ‘द व्हेंचर ऑफ इस्लाम’चे तीन खंड (१९७४) विचारांनी अधिक सखोल आहेत, पण पहिलं पुस्तक म्हणून जड जातात. शिवाय हॉजसन १९६८ मध्येच वारले आणि ग्रंथ त्यांच्यामागे छापला गेला. तिसऱ्या खंडावर त्यांचा शेवटचा हात फिरलेला नाही, हे लक्षात ठेवून तो वाचावा. सोबत सी. ई. बॉसवर्थ यांचं ‘द न्यू इस्लामिक डायनेस्टीज’ (१९९६) हाताशी असू द्या. घराणं, राज्यकर्त्यांचा क्रम, हिजरी (इस्लामी) आणि इसवी अशा दोन्ही कालगणनांतली वर्षं आणि छोटं टिपण, एवढंच त्यात आहे. पण एकाच नावाचे तीन सुलतान समोर आले की तेच कामी येतं.

खरा आधार म्हणजे लायडनच्या ब्रिल प्रकाशनाचा ‘एन्सायक्लोपीडिया ऑफ इस्लाम’. तो उघडून ‘नोंदच नाही’ म्हणत परत ठेवणारे पुष्कळ असतात. नोंद असते, शोधण्याची रीत वेगळी आहे. दुसऱ्या आवृत्तीत नोंदी अरबी-फारसी शब्दांखाली आहेत: इजिप्त हवा असेल तर ‘मिस्र’, नमाजासाठी ‘सलात’, अब्राहमसाठी ‘इब्राहीम’. त्यात लिप्यंतराची भर. ‘जीम’ हा वर्ण रोमन लिपीत डी आणि जे अशा जोडीने लिहिला आहे, म्हणून जिझिया आणि जिहाद डीच्या अक्षरात, दुसऱ्या खंडात सापडतात. ‘काफ’साठी खाली टिंब दिलेला के वापरलाय, त्यामुळे कुराणाची नोंद क्यूमध्ये शोधून हाती काही लागत नाही. ‘अल्’ हे उपपद वर्णक्रमात धरत नाहीत. २००७ पासून निघू लागलेल्या तिसऱ्या आवृत्तीत जे आणि क्यू परत आले आणि पुष्कळ नोंदी इंग्रजी शब्दांखाली गेल्या. म्हणजे दोन्ही आवृत्त्या पाहायच्या तर एकच विषय दोन ठिकाणी शोधावा लागतो.

आणखी एक गोष्ट फार कमी जण पाहतात. ही दुसरी आवृत्ती १९५४ पासून हप्त्याहप्त्याने निघत जवळपास अर्धशतकाने पुरी झाली. पहिला खंड १९६० चा. त्यामुळे ‘ए’मधली अब्बासी खिलाफतीची नोंद आणि शेवटच्या अक्षरांतली एखादी नोंद यांच्यात संशोधनाच्या चाळीसेक वर्षांचं अंतर आहे, आणि कपाटात ती एकाच रंगाच्या पुठ्ठ्यात शेजारी उभी असतात. म्हणून नोंद वाचण्याआधी तिच्या शेवटी जा. लेखकाचं नाव आणि संदर्भसूचीतलं सर्वांत अलीकडचं वर्ष पाहा. ती नोंद त्या वर्षापर्यंतचंच बोलते. फुकटात उत्तम असं काही हवं असेल तर इराणविषयक ‘एन्सायक्लोपीडिया इरानिका’ इंटरनेटवर खुला आहे. तुर्की येत असेल तर ४४ खंडांचा तुर्की इस्लाम विश्वकोशही तसाच खुला आहे आणि उस्मानी काळासाठी त्याला तोड नाही.

तारखांवर थोडं थांबायला हवं, कारण चांगले अभ्यासकही इथे घसरतात. हिजरी वर्ष ३५४ किंवा ३५५ दिवसांचं असतं. अंदाजापुरतं वर्ष हवं असेल तर हिजरी सनाला ०.९७ ने गुणून ६२२ मिळवा. नेमक्या तारखेला मात्र हे चालत नाही. पानिपतची पहिली लढाई घ्या. बाबर आपल्या आत्मचरित्रात शुक्रवार, ८ रजब असं सांगतो. हिजरी सन ९३२. हिजरी-इसवी रूपांतराच्या कोष्टकाने ती तारीख २० एप्रिल १५२६ येते. अनेक पुस्तकांत मात्र २१ एप्रिल छापलेलं असतं. निवाडा वाराने होतो: जुन्या ज्युलियन गणनेत २० एप्रिलला शुक्रवार होता, २१ ला शनिवार. एका दिवसाची अशी गफलत होण्याची कारणं ठरलेली आहेत: इस्लामी दिवस सूर्यास्ताला सुरू होतो, महिना चंद्रदर्शनावर ठरतो आणि कोष्टकं सरासरीने चालतात. म्हणून मूळ साधनात वार दिला असेल तर तो कधीही सोडू नका. संगणकावरची काही साधनं हीच तारीख ३० एप्रिल दाखवतील, कारण ती १५८२ मध्ये सुरू झालेली आजची ग्रेगोरियन गणना मागे ताणतात. १५८२ च्या आधीच्या तारखेला ते उत्तर घेऊ नये. आणि साधनात नुसतं ‘९३२’ असेल तर ते वर्ष १८ ऑक्टोबर १५२५ ला सुरू होतं, म्हणून १५२५-२६ असंच लिहावं.

मूळ साधनांत पहिलं नाव अरबीत लिहिणाऱ्या इतिहासकार तबरीचं (मृत्यू ९२३). त्याच्या इतिहासाचं इंग्रजी भाषांतर सूचीसह ४० खंडांत आहे. तबरी एका घटनेच्या दोन-तीन हकिगती शेजारी शेजारी ठेवतो आणि प्रत्येकीआधी ‘अमक्याने तमक्याकडून ऐकलं’ ही साखळी, म्हणजे इस्नाद, देतो. घाईत वाचणारा साखळी ओलांडून हकिगतीवर जातो, तिथेच फसतो. तिसरे खलिफा उस्मान यांच्या हत्येबद्दल (६५६) तबरीतली बरीच माहिती सैफ इब्न उमर या आधीच्या निवेदकाकडून आलेली आहे, आणि सैफच्या विश्वासार्हतेवर मध्ययुगीन हदीस-पारख्यांपासून (हदीस म्हणजे पैगंबरांची वचनं आणि कृती यांच्या हकिगती) आजवर शंका घेतली गेली आहे. पुढचा इब्न अल-असीर (मृत्यू १२३३) तबरीवरून लिहिताना साखळ्या गाळून एकसंध गोष्ट बांधतो. वाचायला ती सुरेख आहे. पण तबरी आणि इब्न अल-असीर दोघेही तेच म्हणतात म्हणून दोन साक्षी मिळाल्या असं मोजू नका. साक्ष एकच आहे. पैगंबरांच्या चरित्राचंही तसंच. पैगंबर ६३२ मध्ये वारले. इब्न इस्हाकचा (मृत्यू ७६७ च्या सुमारास) ग्रंथ आपल्याकडे मुख्यतः इब्न हिशामने संपादित केलेल्या रूपात आहे, आणि काही भाग गाळल्याचं तो स्वतः सांगतो. गाळलेल्यातलं काही तबरीत टिकलं आहे, म्हणून दोन्ही समोर ठेवून वाचावं.

आधुनिक वादग्रंथही वाचाच, पण त्यांचं साल पाहून. जॉन वॉन्सब्रो यांनी १९७७ मध्ये कुराणाची संहिता पैगंबरांनंतर दीड-दोनशे वर्षांनी स्थिरावली असं मांडलं. त्यांनी विचारलेले प्रश्न अजून उपयोगी आहेत. तो निष्कर्ष मात्र हस्तलिखितांपुढे टिकत नाही. बर्मिंगहॅममध्ये असलेल्या कुराणाच्या जुन्या पानांचं चर्मपत्र किरणोत्सारी कार्बनच्या कसोटीने ५६८ ते ६४५ मधलं ठरलं आहे. अर्थात ती तारीख चर्मपत्राची आहे, शाईची नव्हे, आणि उत्साहाच्या भरात हा फरक दोन्ही बाजूंचे लोक विसरतात.

संदर्भ पडताळताना क्रमांक जुळेना, तर लेखक चुकला असं लगेच धरू नका. जुने युरोपीय अभ्यासक फ्ल्युगेल यांच्या कुराणाच्या १८३४ च्या आवृत्तीतले आयतक्रमांक (आयत म्हणजे कुराणातलं वचन) देतात, आज १९२४ च्या कैरो आवृत्तीचे चालतात. ‘धर्मात जबरदस्ती नाही’ ही आयत आज २:२५६ (दुसरा अध्याय, २५६ वी आयत) आहे, जुन्या पुस्तकांत २:२५७. मागच्या-पुढच्या पाच-सहा आयती पाहिल्या की बहुतेक वेळा सापडते. हदीसचा घोळ यापेक्षा मोठा: बुखारीच्या संग्रहातल्या एकाच हदीसला वेगवेगळ्या आवृत्त्यांत वेगळे क्रमांक पडतात. म्हणून टिपणात नुसता क्रमांक लिहू नका. किताबाचं (संग्रहातल्या विभागाचं) नाव, बाबाचं (त्यातल्या प्रकरणाचं) शीर्षक आणि कुठली आवृत्ती, ही तिन्ही लिहा.