बोक्याचं फावलं

परवा फोनवर बहिणीला सांगत होते, "अगं, साहेब रजेवर गेले आणि शिंक्याचं तुटलं, बोक्याचं फावलं!" सुट्टीला आलेली नऊ वर्षांची भाची शेजारीच बसली होती. "मावशी, शिंकं म्हणजे काय?" बोका कोण, हे तिने विचारलं नाही ते बरं झालं. तो माझ्या समोरच्याच टेबलावर बसतो.

आढ्याला टांगलेलं दोरीचं जाळं, त्यात दुधालोण्याचं मडकं, असं सगळं सांगून झालं. घरातलं शिंकं केव्हाच गेलं, मराठीतलं मात्र बोक्याने अजून पडू दिलेलं नाही. आणि म्हण नीट ऐकली तर बोक्यावर आरोपही नाही. दोर त्याने कुरतडलेला नाही, तो फक्त वेळेला खाली हजर होता. आमच्या बोक्याचंही हेच म्हणणं आहे.

शाळेत लिंग बदला म्हटलं की 'बोका–भाटी' लिहायचो. त्यातली भाटी मला परीक्षेबाहेर कधी भेटली नाही. बोलताना आपण ती मांजर म्हणतो, ते मांजर म्हणतो, लाडात आलो की माऊ किंवा मनी. बोका मात्र पक्का पुल्लिंगी, आणि त्याच्या मागेपुढे लबाड, आयतोबा, सुस्तावलेला असलीच विशेषणं. लाजऱ्याबुजऱ्या माणसाला कुणी बोका म्हणत नाही. तोच माणूस साहेबांपुढे उभा राहिला की भिजलेलं मांजर होतो. एका झापण्यात लिंगसुद्धा बदलतं!

भाचीला खरी उत्सुकता होती ती 'मांजर डोळे मिटून दूध पितं' याची. गॅलरीत एक करडी मांजर येते. वाटीत पाणी ठेवलं, कारण मोठ्या मांजरांना दूध पचतंच असं नाही. म्हणीला एवढी सूट द्यायला हरकत नाही. आम्ही दोघी फरशीवर पालथ्या पडून बघत राहिलो. डोळे अर्धे मिटलेले होते खरे, पण कान? एक आमच्याकडे, एक रस्त्याकडे. कुणी बघत नाही असं त्या मांजरीला क्षणभरही वाटत नव्हतं. तिची जीभही पाणी चमच्यासारखं उचलत नाही. जिभेचं टोक पाण्याला नुसतं टेकतं, झटकन वर येतं आणि त्यासरशी वर आलेली पाण्याची बारीक धार ती तोंडात पकडते. हे सगळं सेकंदाला साधारण चार वेळा. 2010 मध्ये अमेरिकेतल्या संशोधकांनी वेगवान कॅमेरा लावून हे शोधलं. आम्हाला मात्र नुसतं लपलप दिसलं.

मग तिच्यावर हा ढोंगाचा आळ कधीपासून? निदान मनुस्मृतीपासून. तिथे धर्माचा देखावा करणाऱ्या लोभी माणसाला 'बैडालव्रतिक' म्हटलंय, मांजराचं व्रत घेतलेला. शंभर उंदीर खाऊन काशीला निघालेली मांजर ही त्याचीच घरगुती आवृत्ती. गंमत म्हणजे मांजर हा शब्द ज्या मार्जारावरून आला, त्याच्या मुळाशी 'मृज्' हा धातू आहे, म्हणजे पुसणं, स्वच्छ करणं. सारखं अंग चाटून साफ करणारं ते मार्जार. नाव ठेवणाऱ्याने निदान बघून ठेवलं होतं.

काही शब्दांत मांजर आहे, पण मांजर नाही. मांजरपाट हे कापड. पाणमांजर नदीत मासे धरतं, पण ते मांजराच्या कुळातलं नव्हे. उदमांजरही नव्हे. उलट वाघाटी ही अस्सल मांजर, वजन जेमतेम दीड किलो, जगातल्या सगळ्यात लहान रानमांजरांपैकी एक, आणि नावात वाघ. भाचीने ते ऐकून विचारलं, "म्हणजे वाघाची मावशी ती हीच?" मी मावशी असल्याने या विषयावर बोलणं टाळलं.

संध्याकाळी बहीण आली. पसारा बघून लेकीला असं काही ओरडली की मीच दचकले. भाची ढिम्म. मांजरीचे दात पिलांना लागत नाहीत म्हणतात, ते असं. ज्या दातांनी उंदीर मरतो त्याच दातांत मानगूट धरलं की पिल्लू अंग सैल सोडून लोंबकळतं. वैष्णव आचार्यांनी यावरून भक्तांची वाटणीच करून टाकली होती. आईला स्वतः घट्ट धरून राहतं ते माकडाचं पोर, आणि सगळं आईवर सोडून देतं ते मांजराचं. आमची कार्टी उघडच दुसऱ्या पंथाची.

त्यानंतर करडी मांजर आठवडाभर फिरकली नाही. काल सकाळी आली, तोंडात एक पिल्लू धरून. गॅलरीतल्या रिकाम्या खोक्यात ते ठेवलं आणि दुसरं आणायला गेली. मांजर पिल्लांना सात घरं फिरवते, असं मी भाचीला फोनवर सांगितलं.

"मग मावशी, आपलं कितवं?"