नोंदवहीच्या मागावर: आम्स्टरडॅमची सायकलफेरी

नेदरलँड्सला नोकरीसाठी आलं की बॅगा सोडायच्या आधी नगरपालिकेत जाऊन पत्ता नोंदवावा लागतो. जन्माचा दाखला, लग्नाचा दाखला, घराचा करारनामा असं सगळं दाखवलं की एक नंबर मिळतो. मग त्या नंबरावर पगार, बँक, डॉक्टर, विमा सगळं सुरू होतं. घर बदललं की पाच दिवसांत कळवायचं. आम्स्टेलवेनमधल्या आम्हा मराठी मंडळींत या कारभाराचं फार कौतुक. गणपतीच्या जेवणावळीत एकदा तरी विषय निघतोच, की तलाठ्याकडे हेलपाटे नाहीत, सगळं कसं चोख! माझं कामच डेटाबेसचं असल्यामुळे या कौतुकात माझा आवाज सगळ्यांत मोठा असायचा.

माझा धाकटा दीर नाशिकहून आला होता. तो सहकारी बँकेत आहे. त्याला अ‍ॅन फ्रँकचं घर, म्हणजे डायरी लिहिणारी ती ज्यू मुलगी नाझींपासून जिथं लपली होती ते, बघायचं होतं. तिथली तिकिटं फक्त ऑनलाइन मिळतात, दर मंगळवारी सहा आठवड्यांनंतरची सुटतात आणि बघता बघता संपतात. ती काही मिळाली नाहीत. मग शोधता शोधता युद्धकाळातल्या ज्यू आम्स्टरडॅमची गाइडेड सायकल टूर सापडली. घराच्या आत जाता येणार नव्हतं, पण बाकी शहर बघून होणार होतं.

वॉटरलूप्लेनजवळ सायकली मिळाल्या. दीर बसला, दोन पायडल मारले आणि ओरडला, “वहिनी, हिला ब्रेकच नाहीयेत!” हँडलला काही नाही, ब्रेक उलट्या पायडलमध्ये. आपल्याकडे उतारावर पायडल मागे फिरवत मजेत जायची सवय असते, तसं इथं केलं की सायकल जागच्या जागी थांबते आणि मागचा माणूस डचमध्ये उद्धार करतो. आमची गाइड इतिहासाची निवृत्त शिक्षिका होती. तिनं आधी चौकातल्या चौकात सगळ्यांना चकरा मारायला लावल्या. वळताना हात दाखवा, ट्रामचे रूळ तिरके ओलांडा म्हणजे चाक अडकणार नाही, फोटोसाठी मध्येच थांबू नका. आणि मग तिनं अगदी सहज सांगितलं, की शहर नाझी जर्मनांच्या ताब्यात असताना, १९४२च्या जूनमध्ये, ज्यूंना सायकली जमा करायला लावल्या आणि महिना संपता संपता ट्रामही बंद केली. त्यामुळे आपण ज्या माणसांबद्दल आज बोलणार आहोत, त्यांनी हीच अंतरं पायी कापली हे डोक्यात ठेवा.

पहिला थांबा योनास डानिएल मेयर चौक. एका बाजूला १६७५चं पोर्तुगीज सिनेगॉग (ज्यूंचं प्रार्थनास्थळ), आजही आत वीज नाही, मेणबत्त्यांवरच चालतं. पुण्याच्या कॅम्पातलं लाल देऊळ बाहेरून बघितलेलं, आणि ज्यू म्हटलं की अलिबागकडचे बेने इस्रायली, तेल गाळणारे शनिवार तेली, एवढीच माझी ओळख. आपल्याकडे ते शेजारी होते आणि शेजारीच राहिले. इथं सुमारे ऐंशी हजार ज्यू होते, म्हणजे शहरातला दर दहावा माणूस.

याच चौकात २२ आणि २३ फेब्रुवारी १९४१ला जर्मनांनी धाड घालून ४२७ तरुण ज्यू पुरुष उचलले. बहुतेकांना शेवटी माउटहाउसेनच्या छावणीत नेलं. जिवंत परतले ते बोटांवर मोजण्याइतके. त्यावर २५ फेब्रुवारीला शहरानं संप केला. कम्युनिस्टांनी हाक दिली, ट्रामवाल्यांनी ट्रामा डेपोतून काढल्याच नाहीत, गोदी कामगार उतरले, दुकानं, कचेऱ्या बंद. दुसऱ्या दिवशी गोळ्या घालून संप मोडला. बाह्या सरसावून उभ्या असलेल्या गोदी कामगाराचा पुतळा चौकात आहे आणि दर २५ फेब्रुवारीला लोक तिथं जमतात. दीर म्हणाला, “भारीच की!” गाइड म्हणाली, “ट्रामवाले लक्षात ठेवा, ते पुन्हा येणार आहेत.”

तिथून वेस्परस्ट्राटवर नावांचं स्मारक. २०२१मध्ये उघडलेलं, डानिएल लिबेस्किंड या वास्तुरचनाकाराचं. विटांच्या भिंती, एका विटेवर एक नाव, जन्मतारीख आणि मरतानाचं वय. अशा १,०२,००० हून जास्त विटा. मी आडनावांच्या क्रमानं चालत गेले. एकाच आडनावाच्या ओळीच्या ओळी, पुढे वयं: ४१, ३८, ९, ६, ०. शून्य वाचल्यावर मी पुढची वीट वाचली नाही. दीर मात्र तिथंच थांबून बराच वेळ बेरजा करत होता.

हे इतक्या चोखपणे झालं कसं, हा प्रश्न मला तिथं पडला. युद्धाआधी नेदरलँड्समध्ये सुमारे १,४०,००० ज्यू होते, त्यातले जवळजवळ तीन चतुर्थांश मारले गेले. पश्चिम युरोपातल्या कुठल्याही देशापेक्षा हे प्रमाण जास्त. गाइडनं अनेक कारणं सांगितली. देश सपाट, लपायला डोंगर नाहीत, जंगल नाही. कारभार थेट नाझींच्या मुलकी अधिकाऱ्यांच्या हातात. पण मला जे लागलं ते कारण नोंदवहीचं. इथल्या रहिवासी नोंदणीत प्रत्येकाचं एक कार्ड असे आणि त्यावर धर्माचा रकाना असे, कुणाच्या वाईटावर नसलेला. १९४१च्या जानेवारीत ज्यूंनी वेगळी नोंदणी करावी असा हुकूम निघाला आणि जवळजवळ सगळ्यांनी ती मुकाट्यानं केली. सरकारी काम, आपण कायद्यानं वागणारी माणसं, न करून कसं चालेल? त्याच वर्षीच्या मे महिन्यात नगरपालिकेच्या सांख्यिकी विभागानं शहराचा एक नकाशा केला. गाइडनं प्लॅस्टिकच्या पाकिटातून त्याची प्रत काढली. रस्त्यारस्त्यावर काळे ठिपके, एक ठिपका म्हणजे दहा ज्यू. आम्ही उभे होतो त्या भागात ठिपक्यांचा नुसता काळा डाग झालेला.

असे नकाशे मी ऑफिसात करते. ग्राहक कुठं दाट, कुठं विरळ. तो नकाशा कुणीतरी माझ्यासारख्याच पगारी माणसानं मान मोडून केला असणार. माप बरोबर, सूची बरोबर. कामात खोट काढायला जागा नाही.

पुढे प्लांटाज भागात गेलो. झाडी, प्राणिसंग्रहालय, सुंदर घरं. इथलं हॉलंडशे स्खाउबुर्ख हे नाट्यगृह १९४२च्या उन्हाळ्यापासून ज्यूंना गोळा करून ठेवायची जागा झालं. इथून त्यांना वेस्टरबोर्कच्या छावणीत आणि तिथून आगगाडीनं आउश्वित्झ, सोबिबोरच्या मृत्युछावण्यांत. आणि स्टेशनापर्यंत न्यायला रात्रीच्या खास ट्रामा. संपात ज्या ट्रामा थांबल्या होत्या, त्याच दीड वर्षानं धावल्या आणि ट्राम कंपनीनं त्याची रीतसर बिलं लावली. ती भरली गेली ज्यूंकडून लुबाडलेल्या पैशातून.

नाट्यगृहाच्या समोर पाळणाघर होतं. लहान मुलांना आईबापांपासून वेगळं तिथं ठेवत. पाळणाघराच्या प्रमुख हेन्रिएट पिमेंटेल, नाट्यगृहात यादीचं काम बघणारे वाल्टर झ्युस्किंड आणि शेजारच्या शिक्षक प्रशिक्षण शाळेचे योहान फान हुल्स्ट, या तिघांनी आणि त्यांच्या माणसांनी सुमारे सहाशे मुलं बाहेर काढली. मागच्या कुंपणावरून मूल शाळेच्या बागेत द्यायचं. किंवा दारासमोर ट्राम आली की पहारेकऱ्याची नजर आडते, तेवढ्यात मूल घेऊन ट्रामच्या आडोशानं चालायला लागायचं. गाइड हे सांगत असतानाच खडखडत ट्राम आली आणि पलीकडचं नाट्यगृहाचं दार दिसेनासं झालं. मोजून काही सेकंद. फार नाहीत, पण कडेवर पोर घेतलेल्या बाईला कोपरा गाठायला पुरतील.

मुलं पळवणं एक, पण त्याच्या आधी झ्युस्किंडला मुलाचं नाव यादीतून काढावं लागे. मोजदाद जुळली पाहिजे. म्हणजे इथंही कागदच. पिमेंटेल १९४३मध्ये आउश्वित्झला मारल्या गेल्या, झ्युस्किंडही वाचले नाहीत. फान हुल्स्ट १०७ वर्षं जगून २०१८मध्ये गेले. त्यांच्या शाळेच्या इमारतीत २०२४पासून राष्ट्रीय होलोकॉस्ट संग्रहालय आहे. आम्ही ते नंतर वेगळं जाऊन पाहिलं. टूरच्या दिवशीच उरकायला जाऊ नये, डोकं भरलेलं असतं.

दोन मिनिटांवर प्लांटाज केर्कलान ३६. रहिवासी नोंदणीची कार्डं इथं होती. २७ मार्च १९४३च्या रात्री पोलिसांचे गणवेश घातलेली, नाझींविरुद्ध लढणाऱ्यांची एक टोळी आत शिरली. त्यात शिल्पकार खेरिट फान देर फेन होता, चित्रकार आणि लेखक विलेम आरोंडेउस होता. गणवेश टोळीतल्याच शिंप्यानं शिवलेले. रखवालदारांना गुंगीचं इंजेक्शन देऊन बाहेर नेलं, खण उपसले आणि आग लावली. घट्ट बसवलेली कार्डं मुळी नीट जळतच नाहीत. पण अग्निशमनवाल्यांनी उशीर केला आणि मग गरजेपेक्षा कितीतरी जास्त पाणी मारलं. जे जळलं नाही त्यातलं पुष्कळ भिजून गेलं. तरी बरीच कार्डं शाबूत राहिली. टोळीतल्या बाराजणांना १ जुलैला गोळ्या घातल्या. फान देर फेन पुढल्या वर्षी सापडला, त्यालाही तेच. दक्षिणेकडच्या ज्या रस्त्यावर जर्मन सुरक्षा पोलिसांचं ठाणं होतं, त्या रस्त्याला आता त्याचं नाव आहे.

आतापर्यंत गप्प असलेला दीर सारफाटीस्ट्राटवर बोलता झाला. तिथं एक ‘बँक’ होती. लिपमान, रोझेंटाल या जुन्या, नावाजलेल्या ज्यू पेढीचं नाव घेऊन नाझींनी उघडलेली. ऑगस्ट १९४१पासून ज्यूंनी आपले पैसे, ठेवी, शेअर इथं जमा करायचे, नंतर दागिनेसुद्धा. पेढीचं नाव ओळखीचं, खाती, पावत्या सगळं बँकेसारखं. “आणि पैसे काढायला?” दीरानं विचारलं. पुढे महिन्याला कुटुंबामागे अडीचशे गिल्डर (तेव्हाचं डच चलन) एवढीच मुभा, आणि शेवटी तीही गेली, खातीच एकत्र करून टाकली. तो सायकल हातात धरून बराच वेळ त्या इमारतीकडे बघत होता. मग मला मराठीत म्हणाला, “वहिनी, दरोडा घातला असता तर निदान लोकांनी आरडाओरडा तरी केला असता.”

मग लांबचा टप्पा, आम्स्टेल नदीच्या कडेनं रिव्हियरनबुर्टपर्यंत. वारा समोरून. याबद्दल काय लिहायचं, हॉलंडात वारा कायम समोरूनच असतो. मेरवेडेप्लेनवर फ्रँक कुटुंब १९३३पासून राहत होतं. विटांच्या सरळसोट इमारती, मध्ये हिरवळ, आमच्या आम्स्टेलवेनच्या कॉलनीसारखंच वातावरण. ५ जुलै १९४२ला थोरल्या मार्गोच्या नावानं कामाच्या छावणीचं बोलावणं आलं. सोळा वर्षांची मुलगी, आणि पत्ता अचूक. दुसऱ्या दिवशी सकाळी पावसात ती घरातून निघाली ती सायकलवरून. जमा न करता मागे ठेवलेली सायकल, ज्यूंना सक्तीचा असलेला पिवळा तारा कोटावर नाही, सोबत वडिलांच्या ऑफिसातल्या मीप खीस. पोलिसानं हटकलं असतं तर तीन गुन्हे एकदम. अ‍ॅन आणि आईवडील मागाहून पायी गेले, अंगावर कपड्यांचे थरावर थर चढवून, कारण बॅग दिसली की संशय.

आम्हीही तिथून प्रिन्सनग्राख्तला, त्यांच्या लपण्याच्या घराकडे, सायकलनंच गेलो. साधारण चार किलोमीटर. सिग्नल, पूल, डिलिव्हरीच्या व्हॅन. मी सारखी पुढच्या चौकात पोलीस दिसतो का बघत होते, आणि स्वतःवरच वैतागत होते.

त्या घरासमोर, २६३ नंबरला, नेहमीची गर्दी. गाइडनं आम्हाला पुढच्या पुलावर नेलं आणि शेवटची गोष्ट सांगितली. छावण्यांतून जे थोडे लोक परतले, त्यांच्यातल्या घरमालकांना नगरपालिकेनं जमिनीच्या भाडेपट्ट्याची थकबाकी लावली, वर दंड. घरात दुसरेच राहत होते, मालक छावणीत होता, तरी नोंद सांगते की पैसे भरले नाहीत. ही कागदपत्रं नगरपालिकेच्या दप्तरात एका विद्यार्थिनीच्या हाती लागली आणि २०१३मध्ये बातमी फुटली. २०१६मध्ये शहरानं सुमारे १ कोटी युरो ज्यू समाजाला द्यायचं ठरवलं. दीरानं लगेच व्याजाचा हिशेब विचारला. तो गाइडकडे नव्हता.

कुणाला करायची असेल तर: मराठी घरातल्या ज्येष्ठांना सायकलवर बसवायचा आग्रह नको, हेच थांबे पायी आणि ट्रामनंही होतात. शनिवार-रविवार टाळा, कालव्यांकडचे रस्ते पर्यटकांनी तुंबतात. छत्री निरुपयोगी, पावसाचं जाकीट घ्या. आणि ज्यांचं भाड्याचं घर आम्स्टरडॅमच्या जुन्या वस्तीत आहे, त्यांनी मारल्या गेलेल्या ज्यूंची नावं आणि पत्ते देणाऱ्या ‘योड्स मॉन्युमेंट’ या संकेतस्थळावर आपला पत्ता घालून बघावा. आमची इमारत युद्धानंतरची, तिथं काही निघालं नाही. रिव्हियरनबुर्टमध्ये राहणाऱ्या माझ्या सहकाऱ्याच्या पत्त्यावर तीन नावं निघाली, मजल्यासकट.