यादीतला एक रकाना

हरकती घेण्याचा तो शेवटचा दिवस. लिपिकांची 1 जानेवारीची तात्पुरती ज्येष्ठता यादी, म्हणजे नोकरीत कोण वरचा आणि कोण खालचा याचा क्रम, मीच केली होती. आस्थापना शाखेत मला सहा वर्षं झाली होती, त्यामुळे ती बिनचूक आहे असंच मी धरून चाललो होतो. पाच वाजून गेल्यावर तालुक्याहून एक ताई धावतपळत आल्या. एसटी उशिरा सुटली होती. अर्ज टेबलावर ठेवून म्हणाल्या, “भाऊसाहेब, निवड यादीत मी चौथी होते. इथं एकविसावी कशी?”

“तुमचं कन्फर्मेशन उशिरा झालंय ना, कायम केल्याचा आदेश उशिराचा आहे,” मी सहज बोलून गेलो.

“ते उशिरा का झालं?”

याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं. त्यांचं सेवापुस्तक काढलं. नियुक्ती 2012 ची, परिविक्षा, म्हणजे कायम होण्याआधीचा चाचणीचा काळ, दोन वर्षांची, आणि कायम केल्याचा आदेश थेट 2018 चा. चौकशी नाही, ठपका नाही, विभागीय परीक्षा पहिल्याच प्रयत्नात पास. मग जुनी नस्ती, म्हणजे फाईल, शोधली. त्यांच्या कामाबद्दलचा एका वर्षाचा गोपनीय अहवाल लिहायचा राहिला होता आणि ज्यांनी लिहायचा ते साहेब बदलून गेले होते. आमच्या कार्यालयाने त्यांना दोन स्मरणपत्रं पाठवली आणि नस्ती कपाटात ठेवून दिली. ती तिथेच पडून राहिली, आणि कायम करण्याचा आदेशही. ताईंनी त्या काळात तीनदा विचारणा केली होती. तिन्ही अर्ज त्याच नस्तीत लावलेले होते, एकावरही टिपणी नाही.

संगणकावर यादी उघडली. नियुक्तीचा दिनांक, निवड यादीतला क्रमांक, कायम केल्याचा दिनांक असे रकाने शेजारी शेजारी होते. मी क्रम लावला होता तो शेवटच्या रकान्यावर. आधीची यादी तशीच होती, म्हणून मीही तेच केलं. एका रकान्याने या बाईंना सतरा जागा खाली ढकललं होतं.

खरं तर हा प्रश्न केव्हाच निकाली निघालेला आहे, आणि तोही महाराष्ट्र सरकारच्याच अभियंत्यांच्या वादातून. पटवर्धन प्रकरणात 1977 साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की कायम होणं ही सरकारी नोकरीतली मोठी अनिश्चित गोष्ट आहे, ती ना माणसाच्या कामावर ठरते ना रिक्त पदावर. पुढे 2 मे 1990 ला पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितलं: नियमानुसार नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिनांकापासून मोजायची, कायम केल्याच्या दिनांकापासून नाही. नियम डावलून केलेली तात्पुरती नेमणूक मात्र त्यात धरायची नाही. केंद्र सरकारनेही 1992 मध्ये ज्येष्ठता आणि कायम होणं या दोन गोष्टींची फारकत केली. हे सगळं मी प्रशिक्षणात लिहून घेतलं होतं. वही घरी होती.

त्याच यादीत आणखी एकाचा कायम केल्याचा आदेश असाच उशिराचा होता. पण त्याने विभागीय परीक्षा मुदतीत आणि ठरलेल्या संधींत पास केली नव्हती, आणि तसं झालं तर ज्येष्ठता जाते हे नियमातच आहे. त्याचा क्रमांक खाली जाणं बरोबर होतं. यादीवर दोघं सारखेच दिसत होते. फरक सेवापुस्तकात होता, आणि मी सेवापुस्तकं उघडलीच नव्हती.

ताईंना पोच दिली. दुसऱ्या दिवशी साहेबांपुढे टिपणी ठेवली, चूक माझी आहे असं त्यात स्पष्ट लिहिलं. साहेबांनी सही केली आणि विचारलं, “बाकीच्यांचं पाहिलंत?”

नव्हतं पाहिलं. दोन दिवस बसून एकेक सेवापुस्तक तपासलं. असे आणखी दोघे निघाले. त्यांनी हरकत घेतलीच नव्हती. एकाला फोन लावला तर तो म्हणाला, “पण भाऊसाहेब, मुदत संपली ना आता?”

“तुम्ही काही करू नका,” मी म्हणालो. “दुरुस्ती आम्हीच करतोय.”