कुड्याची साल आणि बाकीचं रान

कोकणात गावठी औषध देणाऱ्याची परीक्षा पाट्यावर होत नाही, रानात होते. वाटून-उगाळून देणं थोड्या सरावानं कुणालाही जमतं. झाड बरोबर ओळखणं, वेळेवर आणणं आणि आपल्या दमट हवेत टिकवणं याला वर्षं जातात. औषधाला गुण नाही अशी ओरड होते तेव्हा चूक बहुतेक वेळा इथेच झालेली असते.

कुडाच घ्या. आमांशावर कुड्याची साल ताकात उगाळून देतात. पण कुडे दोन. औषधाचा तो पांढरा कुडा, आणि त्याच रानात काळा कुडाही वाढतो. दोघांनाही चीक, दोघांचीही पानं समोरासमोर, फुलं पांढरी, शेंगा जोडीनं लोंबणाऱ्या. काळ्याच्या शेंगा कोवळ्या असताना टोकाशी एकमेकींना चिकटलेल्या असतात, पांढऱ्याची टोकं सुटी. काळ्याच्या फुलाच्या तोंडाशी झालर असते, पांढऱ्याच्या फुलाला नाही. झाडावर फूल-शेंग काहीच नसेल तर सालीचा कपटा जिभेवर ठेवावा. पांढऱ्याचा कडूपणा पाणी प्यायलं तरी जात नाही. बियांचंही तसंच, म्हणून बाजारात कडू इंद्रजव आणि गोड इंद्रजव वेगळे. आमांशाला कडूच लागतात.

साल काढायची ती एका बाजूनं, उभी पट्टी. बुंध्याभोवती कडं काढलं की झाड मेलंच. एकदा पट्टी काढली की ती जखम भरून येईपर्यंत त्या झाडाला हात लावू नये. सह्याद्रीतल्या नरक्या या झाडाचं काय झालं ते सगळ्यांना ठाऊक आहे. कर्करोगाच्या औषधांना लागणारं कॅम्प्टोथेसिन हे द्रव्य त्यात सापडलं आणि तो भरमसाट तोडला गेला.

कुड्यात चूक झाली तर निदान औषध वाया जातं, एवढंच. सातविणीच्या बाबतीत चूक जिवावर येते. तापावर सातविणीच्या सालीचा काढा देतात, आणि त्याच रानात काजरा असतो, म्हणजे कुचला. त्यात स्ट्रिक्निन हे जहाल विष. सातविणीला चिरलं की पांढरा चीक वाहतो आणि एकेका पेरावर पाच-सात पानं चक्रासारखी असतात. काजऱ्याला चीक नाही, पानं समोरासमोर, देठाजवळूनच फुटलेल्या ठळक शिरा. पहाटेच्या काळोखात साल आणायची चाल काही ठिकाणी आहे. ती बंद व्हावी. ज्या झाडाचं पान नीट दिसत नाही त्याची साल आणू नये.

काढ्याचं माप आयुर्वेदाचा जुना ग्रंथकार शार्ङ्गधर यानं घालून दिलेलं आहे: औषधाच्या 16 पट पाणी, आटवून आठवा हिस्सा. 50 ग्रॅम सालीला 800 मिली पाणी, उरवायचं 100 मिली. भांडं उघडं, आच मंद. साल भरड कुटावी. पीठ केलं तर ते तळाला बसतं, करपतं आणि गाळताना फडकं बुजतं. सकाळचा काढा दुसऱ्या दिवसावर ठेवू नये, आपल्याकडच्या उकाड्यात तो आंबतो.

ओलं औषध सुक्याच्या दुप्पट घ्यायचं, हा नियम बहुतेकांना ठाऊक असतो, त्याला अपवाद आहेत हे मात्र विसरतात. गुळवेल, कुडा, अडुळसा, शतावरी ही ओलीच वापरायची आणि दुप्पट करायची नाहीत. म्हणून जाणता माणूस कुड्याची पोती भरून ठेवत नाही, लागेल तशी आणतो.

अडुळशाचं पान नुसतं वाटून रस निघत नाही. जुनी रीत पुटपाकाची: पानं वाटून गोळा करायचा, मोठ्या पानात गुंडाळायचा, वर मातीचा लेप देऊन निखाऱ्यात भाजायचा आणि मग पिळायचा. घरी मोदकपात्रात पानं वाफवली तरी काम भागतं. गरोदर बाईला मात्र अडुळसा द्यायचा नाही, त्यानं गर्भाशय आकुंचन पावतं.

साठवायचं ते पावसाळा सरल्यावर आणावं. जूनपासून पुढे चार महिने इथे काही वाळत नाही, चुलीवरच्या माळ्यावर धुरात ठेवलेलं तेवढं बुरशीतून वाचतं. मुळ्या ओल्या असतानाच चिराव्यात. शतावरी वाळवायचीच असेल तर तिची साल आणि आतला दोरा ताजेपणीच ओढून काढावा, वाळल्यावर तो सुटत नाही. मूळ मोडून बघावं: कट्कन तुटलं तर वाळलं, वाकलं तर अजून ओल आहे.

तेलाला सगळ्यात जास्त धीर लागतो. निर्गुडीचं करायचं तर पाव किलो कल्क, म्हणजे वाटलेला ओला गोळा, एक लिटर तेल, चार लिटर काढा, असं 1:4:16 चं मान. एका दिवसात उरकू नये. कल्क बोटांत वळून वात होते का बघावं. ती वात विस्तवावर धरली आणि चुरचुरली तर पाणी उरलंय. तेल तयार होताना फेस येतो. तुपाचं उलटं, तिथे फेस बसतो. आणखी थोडं ठेवलं की कल्क करपतो आणि सगळी मेहनत मातीत. आपण खोबरेल वापरतो, त्यात ओल राहिली तर ते लवकर खवट होतं. गरम तेल बाटलीत भरून बूच लावलं तर आत वाफेचं पाणी धरतं आणि खवटपणाची सुरुवात तिथूनच होते. पूर्ण निवल्यावरच भरावं.

काविळीबद्दल मात्र सांभाळून. साथीची कावीळ बहुतेकांची काही आठवड्यांत आपसूक उतरते, आणि श्रेय भुईआवळीला मिळतं. अंगाला खाज, लघवी गडद आणि शौच पांढरट असेल तर पित्ताची वाट अडलेली असू शकते. तिथे पाला देत बसणं म्हणजे वेळ घालवणं.

फुरसं चावलं तर पाला नकोच. त्याचं विष रक्त गोठू देत नाही, त्यामुळे जागा चिरली की रक्त थांबत नाही. दवाखान्यात काचेच्या नळीत रक्त 20 मिनिटं ठेवतात, गोठलं नाही तर प्रतिविष सुरू होतं. विंचवाचंही तेच: महाडला डॉ. हिंमतराव बावस्करांनी प्राझोसिन हे औषध वापरून लाल विंचवाच्या दंशाचे रुग्ण वाचवून दाखवले. तेव्हा अवयव हलवू न देता थेट दवाखाना गाठावा, आणि त्याआधी काही लावलं किंवा पाजलं असेल तर डॉक्टरांना न लपवता सांगावं.