ऑफसेटला हात लावायचा नाही!

कोल्हापूरजवळच्या शिरोली एमआयडीसीतल्या एका मशिन शॉपमध्ये मी क्वालिटीला लागले, तेव्हा एका पिनच्या रिजेक्शनने सगळ्यांच्या डोक्याला ताप झाला होता. बाहेरचा व्यास (ओडी) २५ मिमी, टॉलरन्स म्हणजे चालणारा फरक दोन्ही बाजूंना १० मायक्रॉन, म्हणजे मिमीचा शंभरावा भाग. आधी आठवडाभर मशिनला दोष नोंदवायची चेकशीट अडकवली. चार उभ्या रेघा, पाचवी आडवी. शनिवारी पॅरेटो काढला, म्हणजे दोष जास्त ते कमी असे मांडले, तर निम्म्याहून जास्त खराब जॉब (नग) ओडीलाच गेलेले. हे शॉपमधला चहावालाही सांगू शकला असता, पण कागदावर आल्यावर मालकांनी मला मोकळीक दिली. फिशबोनचं, म्हणजे माशाच्या काट्यासारख्या कारणांच्या आकृतीचं, मात्र फारसं काही झालं नाही. जो तो दुसऱ्या खात्याचा काटा काढत बसला.

मग कंट्रोल चार्ट, म्हणजे मशिन स्थिर चाललंय का ते दाखवणारा आलेख. दर तासाला सलग पाच जॉब मोजायचे, त्यांची सरासरी वरच्या आलेखावर, सर्वांत मोठा वजा सर्वांत लहान म्हणजे रेंज खालच्यावर. असे २५ गट. पहिल्याच चार्टवर मी माती खाल्ली. ड्रॉइंगची टॉलरन्सच लाल पेनाने आखून टाकली आणि सगळे ठिपके आत बघून खूश झाले. आमच्या सरांनी तो कागद बघितला आणि चष्मा काढून ठेवला. "ड्रॉइंग एकेका जॉबला लागू, तू टाकतेयस पाचांची सरासरी. सरासरी कमीच हलणार. लिमिट मशिनच्या स्वतःच्या रेंजवरून काढायची." पाचाच्या गटासाठी सरासरी रेंजला ०.५७७ ने गुणायचं आणि ते मधल्या रेषेच्या वर-खाली आखायचं. अमेरिकेतल्या वॉल्टर शूहार्ट यांनी १९२४ मध्ये कंट्रोल चार्ट मांडला तेव्हा खिशातले कॅल्क्युलेटर नव्हते. मी तर मोबाइलवर करूनही दोनदा चुकले.

लिमिट आखल्यावर गंमत दिसली. सरासरीचे ठिपके मधल्या रेषेला मुंगळ्यासारखे चिकटलेले, आणि खाली रेंज १० मायक्रॉनच्या आसपास. सर म्हणाले, "सरासरी इतकी शहाणी आणि जॉब रिजेक्ट? कुणीतरी प्रत्येक जॉबला हात लावतंय."

हात लावत होते मामा. शॉपमधले सगळ्यांत जुने ऑपरेटर. जॉब ६ मायक्रॉन मोठा आला की ऑफसेट (टूल मागे-पुढे करायचा पॅनलवरचा आकडा) ६ ने कमी, पुढचा ४ लहान आला की ४ ने वाढव.

"मामा, पन्नास जॉब ऑफसेट न मारता चालवूया का?"

"मॅडम, साइज हलली की मारायचा, वीस वर्षं हेच केलंय. रिजेक्शन आलं तर नाव तुमचं घालणार हं."

घाला म्हटलं. नवीन इन्सर्ट (टूलच्या टोकाचा कापणारा तुकडा) लावला. मामा पॅनलसमोर हात मागे बांधून उभे, देवळात उभं राहावं तसे. अठराव्या जॉबला अधिक ७ मायक्रॉन आलं तेव्हा त्यांचा हात पॅनलकडे गेलाच, मी नुसतं बघितलं. जॉब गार झाल्यावरच मोजायचा हेही त्या दिवशी ठरलं, कारण २५ मिमीचं स्टील १० अंशांनी तापलं तर जवळपास ३ मायक्रॉन मोठं दिसतं. पन्नास जॉब झाले. सर्वांत लहान उणे ६, सर्वांत मोठा अधिक ८. रिजेक्शन शून्य. सरासरी रेंज ७ वर आली.

कारण साधं होतं. ते अधिक ६ मशिनची नेहमीची चाळवाचाळव होती, पुढचा जॉब आपोआप मध्याकडे यायची शक्यता जास्त. मामा तिच्यात स्वतःची चाळवाचाळव मिसळत होते. आता मधली रेषा अधिक १, लिमिट उणे ३ आणि अधिक ५. सरासरी त्याबाहेर गेली तरच ऑफसेट. सात ठिपके ओळीने चढत गेले तर इन्सर्ट झिजतोय, तो बदलायचा. हल्ली सहावा चढला की मामाच मला हाक मारतात.

कस्टमरला मात्र सीपीके (मशिनची चाळवाचाळव टॉलरन्समध्ये किती ऐसपैस बसते त्याचा आकडा) १.३३ हवा आहे, आणि आमचा हात न लावताही जेमतेम १ येतो. ७ ची ही रेंज मशिनच्या अंगातलीच आहे, ती चार्ट काढून कमी होत नाही. टरेट, म्हणजे टूल धरणारं फिरतं डोकं, उघडायचं कोटेशन गेल्या महिन्यापासून मालकांच्या टेबलावर आहे, वर पेपरवेट ठेवून.