चिठ्ठीत निघालेले जयकर

शाळेच्या महोत्सवाच्या स्मरणिकेसाठी लिहा असा मेसेज बॅचच्या ग्रुपवर आला आणि गॅदरिंग, सहल, कवायत हे सगळे विषय इतरांनी पटापट घेऊन टाकले, पण मला लिहायचं होतं ते नववीतल्या एका चिठ्ठीबद्दलच. मी ९४ च्या दहावीची. आता वीसेक वर्षं तालुका कोर्टात वकिली करतेय आणि त्याची सुरुवात त्या चिठ्ठीपासून झाली असं मी मनापासून मानते.

वक्तृत्व स्पर्धेचे विषय आपले इतिहासाचे सर चिठ्ठ्या टाकून द्यायचे हे जुन्यांना आठवत असेल. एकीला टिळक मिळाले, एकीला सावित्रीबाई, आणि मला "बॅ. मुकुंद रामराव जयकर". नाव कधी ऐकलेलं नाही, शाळेच्या ग्रंथालयातली तिन्ही कपाटं उलथीपालथी केली तरी एक ओळ सापडली नाही, घरी जाऊन खूप रडले मी त्या दिवशी. दुसऱ्या दिवशी विषय बदलून द्या म्हणून सरांकडे गेले तर ते म्हणाले, "अगं, ज्या माणसाच्या नावाचं अख्खं ग्रंथालय उभं आहे त्याच्याबद्दल वाचायला मिळत नाही म्हणतेस? शनिवारी घरी सांगून ये."

शनिवारची सकाळची शाळा सुटल्यावर सर आणि आम्ही दोघी मुली एसटीने पुण्याचं शिवाजीनगर, तिथून पीएमटीने पुणे विद्यापीठ. जयकर ग्रंथालयात सरांनी काउंटरवर काय सांगितलं ते माहीत नाही पण आम्हाला आत बसून वाचू दिलं. एवढी पुस्तकं एका जागी मी पहिल्यांदाच बघत होते. सर एकेक पुस्तक उघडून इंग्रजी वाक्य वाचायचे, मराठीत सांगायचे, आणि मी वहीत उतरवायचे.

काय काय केलं होतं या माणसानं! लंडनहून बॅरिस्टर होऊन आले, मुंबई हायकोर्टात वकिली केली, जालियनवाला बागेनंतर काँग्रेसने जी चौकशी समिती नेमली त्यात गांधीजी आणि चित्तरंजन दासांबरोबर हे होते. १९३२ च्या पुणे करारावर सह्या आहेत त्यात गांधी-आंबेडकर या दोन बाजूंमध्ये बोलणी घडवायला धावपळ करणारे उदारमतवादी नेते तेजबहादूर सप्रू आणि जयकर यांच्याही आहेत. आणि १९३७ साली दिल्लीत फेडरल कोर्ट सुरू झालं, म्हणजे आजच्या सुप्रीम कोर्टाच्या आधीचं कोर्ट, तेव्हा सुरुवातीचे न्यायमूर्ती फक्त तीन होते: सरन्यायाधीश मॉरिस ग्वायर, शाह मुहम्मद सुलेमान आणि आपले जयकर. संसद भवनातल्या नरेंद्र मंडळाच्या, म्हणजे संस्थानिकांच्या सभेच्या दालनात ते कोर्ट बसायचं, पुढे १९५८ पर्यंत सुप्रीम कोर्टही तिथेच बसलं.

त्या कोर्टातला पेट्रोलचा खटला मला कळला तो लॉ कॉलेजमध्ये, नववीत तो डोक्यावरून गेला होता. मध्य प्रांत आणि वऱ्हाड सरकारने १९३८ मध्ये कायदा करून पेट्रोल आणि वंगण तेलाच्या किरकोळ विक्रीवर पाच टक्के कर बसवला. केंद्र सरकार म्हणालं की देशात तयार होणाऱ्या मालावरचा अबकारी कर हा आमचा अधिकार, प्रांताने त्यात हात घालायचा नाही. प्रांत म्हणाला की माल तयार झाल्यावर तुम्ही घेता तो कर वेगळा आणि दुकानात विकला जातो तेव्हा आम्ही घेतो तो वेगळा, आणि १९३५ च्या कायद्यात विक्रीकर प्रांतांच्याच यादीत लिहिलाय. तिन्ही न्यायमूर्तींनी आपापली निकालपत्रं लिहिली आणि तिघांनीही प्रांताच्या बाजूने कौल दिला. दिल्लीला सगळे अधिकार हवे असायचे त्या काळात हे होणं मला फार मोठं वाटतं. आजही पेट्रोल डिझेल जीएसटीच्या बाहेर आहे, राज्यं त्यावर व्हॅट घेतात, आणि पंपावर पावती हातात आली की मला दर वेळी नागपूरचं ते प्रांत सरकार आठवतं.

१९३९ मध्ये जयकर लंडनला प्रिव्ही कौन्सिलवर, भारतातली अपिलं जिथे शेवटी जायची त्या कोर्टावर गेले, म्हणजे फेडरल कोर्टात जेमतेम दोन वर्षं.

तर स्पर्धा. मी पाठ करून गेले होते, न अडखळता बोलले, नंबर मात्र आला नाही. नंतर सरांनी व्हरांड्यात थांबवलं आणि म्हणाले की १९४६ च्या डिसेंबरचा भाग तू अर्धाच सांगितलास. तो भाग असा की घटना समितीत नेहरूंनी उद्दिष्टांचा ठराव, म्हणजे राज्यघटनेची ध्येयं सांगणारा ठराव मांडला आणि जयकरांनी दुरुस्ती सुचवली की मुस्लिम लीग आणि संस्थानांचे प्रतिनिधी अजून आलेले नाहीत, ते येईपर्यंत मतदान थांबवा. सभागृहात पुष्कळांना ते अजिबात रुचलं नाही, पण दुसऱ्या दिवशी बोलायला उठलेल्या बाबासाहेबांचा कल थांबण्याकडेच होता. ठराव जानेवारीपर्यंत पुढे गेला, लीग तरीही आली नाही, आणि २२ जानेवारी १९४७ ला तो मंजूर झाला. "विरोध करणारे काय म्हणत होते ते तू सांगितलंच नाहीस," सर म्हणाले, "किती दिवस वाट बघायची, हा त्यांचा प्रश्न पण खरा होता. दोन्ही बाजू नीट सांग आणि मग तुझं मत सांग."

माझं मत आजही जयकरांच्याच बाजूचं आहे, पण सरांचं ते वाक्य मी सोडलेलं नाही. कुठलीही केस आली की फाइलच्या पहिल्या कागदावर मी आधी समोरच्या पक्षकाराची बाजू लिहून काढते, पूर्ण, त्यांच्या वकिलाने लिहावी तशी. माझ्या ज्युनिअर मुलींनाही तेच करायला लावते.

एक गोष्ट सरांनी तेव्हा सांगितली नव्हती, नंतर वाचनात आली. फाळणीमुळे बाबासाहेबांची बंगालमधली जागा गेली, ते मुंबईतून घटना समितीत परत निवडून आले, आणि ती जागा जयकरांच्या राजीनाम्यामुळे रिकामी झालेली होती. हे वाचलं त्या दिवशी मी कोर्टातून थेट सरांच्या घरी गेले. सर थकले होते, ऐकू कमी यायचं, मी मोठ्याने दोनदा सांगितलं. त्यांनी डोळे मिटून मान हलवली आणि म्हणाले, "वहीत लिहून ठेव."

ती वही माझ्याकडे आहे अजून, जयकर पुणे विद्यापीठाचे पहिले कुलगुरू, १९४८ ते १९५६, हे वाक्य सरांच्या अक्षरात आहे तिच्यात. सर आता नाहीत. महोत्सवाला येताना त्या वहीची झेरॉक्स आणि १९३८ च्या निकालपत्राची बांधून घेतलेली प्रत घेऊन येणार आहे, ग्रंथालयाच्या बाईंशी फोनवर बोलणं झालंय, मधल्या कपाटात वरच्या कप्प्यात जागा करून ठेवते म्हणाल्या.