कराचीचा म्हणून आलेला व्हिडिओ

८ मे २०२५. माझी नाइट होती. एका मराठी वृत्तवाहिनीत मी पडताळणीच्या डेस्कवर असते. बाहेरून आलेलं फुटेज ऑन एअर जाण्याआधी माझ्याकडे येतं, निदान यावं अशी अपेक्षा असते. भारत-पाकिस्तान संघर्ष पेटला होता, संध्याकाळपासून जम्मूत सायरन वाजत होते, धर्मशाळेतली आयपीएलची मॅच अर्ध्यात थांबली होती आणि न्यूजरूममध्ये कोणी जागेवर बसत नव्हतं.

रात्री उशिरा ग्रुपवर आलं : 'नौदलाचा कराची बंदरावर हल्ला.' सोबत व्हिडिओ. अंधार, पेटलेला रस्ता, धावणारी माणसं.

मी आवाज बंद करून एकेक फ्रेम पुढे सरकवली. आवाजाने डोळे फसतात, म्हणून पहिल्यांदा मी कायम मुक्यानेच बघते. गाड्या रस्त्याच्या उजव्या बाजूने चालल्या होत्या. पाकिस्तानात आपल्यासारखीच डावी बाजू. तीन फ्रेम काढून रिव्हर्स सर्चला, म्हणजे चित्रावरून मूळ जागा शोधायला टाकल्या, आणि निघालं अमेरिकेतलं फिलाडेल्फिया. ३१ जानेवारी २०२५ ला तिथे रुग्ण नेणारं एक छोटं विमान वस्तीत कोसळलं होतं. तीन महिन्यांपूर्वीचा तो अपघात आता आमच्याकडे युद्ध म्हणून आला होता.

व्हिडिओ थांबवला. पण आउटपुटवरच्या, म्हणजे पडद्यावर काय जायचं ते ठरवणाऱ्या डेस्कच्या सीनियरने विचारलं, "मग हल्ला झालाच नाही, असं लिहून देतेस?"

ते मी देऊ शकत नव्हते. नासाच्या फर्म्स नकाशावर उपग्रहाने टिपलेल्या आगी दिसतात, सुमारे ३७५ मीटरच्या चौकटीत. पण उपग्रह वरून गेल्यावर माहिती नकाशावर यायला तीनेक तास लागू शकतात. कोरा नकाशा म्हणजे आग नाही, असं म्हणता येत नाही. जहाजांच्या ट्रॅकरवर व्यापारी जहाजं दिसतात, युद्धनौका अशा वेळी सिग्नल बंद ठेवतात. हातात एवढंच होतं : हा व्हिडिओ कराचीचा नाही. घटना घडली की नाही, हा वेगळा प्रश्न. हा फरक सकाळच्या मीटिंगमध्ये सगळ्यांना पटतो, रात्री बारा वाजता शेजारच्या चॅनेलवर लाल पट्टी दिसली की कोणालाच पटत नाही.

'सूत्रांची माहिती' म्हणून हल्ल्याचा टिकर, पडद्याखालची धावती पट्टी, गेलाच. मी वाद घालत राहिले आणि ती ओळ अकरा मिनिटं फिरत राहिली.

लष्करी कारवाई लाइव्ह दाखवू नका, अशी सूचना माहिती व प्रसारण मंत्रालयाने २६ एप्रिललाच दिली होती. कारगिल, २६/११, कंदाहार, तिन्हींचे दाखले त्यात होते. मला ती पटते. नरिमन हाउसच्या गच्चीवर उतरणारे कमांडो टीव्हीवर सगळ्या जगाने पाहिले, ते आपण मुंबईकर कसे विसरू? पण अफवा रात्री येते आणि ब्रीफिंग सकाळी, त्या मधल्या तासांत विचारायला अधिकृत माणूस मिळत नाही. त्यात कराची हे नाव. ४ डिसेंबर १९७१ च्या रात्री निपात, निर्घात आणि वीर या क्षेपणास्त्र नौकांनी तिथे हल्ला केला, त्या दिवशी आपण नौदल दिन पाळतो. लोकांच्या मनात ते बंदर आधीच पेटलेलं आहे.

साडेबाराला डेस्कचा फोन वाजला. साताऱ्याकडचे एक काका.

"ताई, पोरगं नेव्हीत हाय. तुमच्या टीव्हीवर कराचीचं दाखवतायत. त्याचं जहाज तिकडंच हाय का?"

"काका, तो व्हिडिओ खोटा आहे, अमेरिकेतला आहे."

"व्हिडिओचं नाय इचारत. पोरगं बरं हाय का?"

मला माहीत नव्हतं. माहीत असतं तरी जहाज कुठे आहे हे फोनवर सांगता आलं नसतं. तेवढंच मी त्यांना सांगितलं. ते "बरं" म्हणाले, पण फोन ठेवला नाही. मागे टीव्ही चालू होता, आमच्याच अँकरचा आवाज मला परत ऐकू येत होता.

११ मेच्या संयुक्त ब्रीफिंगमध्ये व्हाइस ॲडमिरल ए. एन. प्रमोद यांनी सांगितलं की कराचीसह समुद्रातल्या आणि जमिनीवरच्या लक्ष्यांवर मारा करायची नौदलाची पूर्ण तयारी होती. तयारी होती, मारा झाला नव्हता. मी लगेच काकांना फोन लावला. त्यांनी ब्रीफिंग ऐकलं होतं, मुलाचा फोन मात्र अजून आला नव्हता.

"ताई, त्या रात्री ती पट्टी तुमच्याच चॅनेलवर होती न्हवं?"

"हो," मी म्हणाले.